लाल कंधारीची पारख : नजर आणि फीत



उसाच्या धंद्यात मोजमापाशिवाय आपले पान हलत नाही. लागणीची नोंद गुंठ्यात, सरीचे अंतर फुटात, खत पोत्यात, पाणी पाळीत. भरलेली गाडी काट्यावर चढते, रिकामी होऊन पुन्हा काट्यावर चढते, आणि पावतीवर थोडा जरी फरक वाटला तरी आपण थेट शेतकी ऑफिस गाठतो. रस किती गोड ते ब्रिक्सवर बघतो, साखरेचा उतारा टक्क्यात काढतो. आणि त्या गाडीला जुंपलेला बैल? त्याची उंची किती, छातीचा घेर किती, वजन किती, असे कुणी विचारले तर आपले उत्तर ठरलेले : "चांगला थोराड आहे, बघा की!"

ट्रॅक्टर आले, ट्रॉल्या आल्या, तरी तोडणीच्या हंगामात बैलगाड्या अजून पूर्ण गेलेल्या नाहीत. गाडी गेली तरी गोठा राहणारच आहे. उसाचे वाढे खाणारे जनावर, शेणखत देणारे जनावर, घरच्या लेकरांना दूध देणारे जनावर आपल्याला लागणारच. म्हणून या लेखात जनावर मोजण्याचा विषय घेतला आहे. सजीवांच्या शरीराची मापे घ्यायची आणि त्या आकड्यांतून गणिताने अर्थ काढायचा, हे एक स्वतंत्र शास्त्र आहे. ते कंधारच्या माणसाला परके वाटण्याचे कारण नाही. कारण त्या शास्त्राला लागणारा विषय आपल्या दावणीलाच बांधलेला आहे : लाल कंधारी.

नजरेला काय कळते

मन्याडकाठचे कंधार राष्ट्रकूटांच्या काळापासून नावाजलेले. किल्ल्याने गावाचे नाव झाले, तसेच गुरांनीही झाले. कंधारचा राजा सोमदेवराय याने या गुरांना आश्रय दिला आणि ही जात वाढली, अशी परंपरागत समजूत आहे. या जातीला लाखलबुंदा असेही म्हणतात. कंधार, मुखेड, बिलोली, नांदेड हा तिचा मूळ मुलूख, आणि लगतच्या अहमदपूर-परळीकडेही ती पसरली.

जुन्या माणसाला विचारा, तो भराभर खुणा सांगेल. रंग गडद लाल, वळूचा गायीहून अधिक गडद. कपाळ रुंद आणि दोन डोळ्यांच्या मध्ये किंचित फुगीर. शिंगे मध्यम, दोन्ही बाजूंना सारखी वळलेली. कान लांब, खाली लोंबणारे, टोकाला गोलसर. अंग आटोपशीर, बांधा भक्कम, ऊन सोसणारा.

शेजारी लातूर भागातली देवणीही अशीच नजरेने ओळखली जाते. पांढऱ्या अंगावर काळे ठिपके असलेला शेवरा, तोंडाच्या बाजूला काळा रंग असलेला वानेरा, बहुतांशी पांढरा बालंक्या. उदगीरच्या बाजारात लहान पोरगेही हे तीन प्रकार सांगेल.

ही नजर लहानसहान गोष्ट नव्हे. पिढ्यान् पिढ्या याच नजरेने वळू निवडले गेले आणि जात टिकली. त्या वेळी विद्यापीठ नव्हते, प्रयोगशाळा नव्हती. तेव्हा नजरेला नावे ठेवण्याचा इथे हेतू नाही. मात्र नजर कुठवर पोहोचते आणि कुठे अडते, हे एकदा तपासून बघितले पाहिजे.

नजर कुठे अडते

पहिली अडचण, नजर दुसऱ्याला देता येत नाही. "कपाळ रुंद" म्हणजे किती रुंद? चार बोटे की सहा? आजोबांना ठाऊक होते, नातवाला नाही. आजोबा गेले की पारखही गेली.

दुसरी अडचण, नजर रंगाला भुलते. लाल दिसले की आपण कंधारी म्हणून मोकळे होतो. पण साहिवाल लाल असते, लाल सिंधी तर नावातच लाल, गीरमध्येही लाल जनावर असते. रंग ही एक खूण झाली, सगळी ओळख नव्हे. बाहेरच्या रक्ताचे जनावर केवळ रंगावर "कंधारी" म्हणून खपले आणि त्याच्या वळूपासून गावभर गायी फळल्या, तर दहा वर्षांत गावात लाल गुरे भरपूर असतील, कंधारी मात्र शोधावी लागेल.

तिसरी अडचण खाण्याची. पोटभर पेंड खाल्लेले, तेल लावून घासलेले जनावर बाजारात देखणे दिसते. उन्हाळ्यात कडब्याच्या काडीवर काढलेले अस्सल जनावर हाडकुळे दिसते. नजर आधी मांस बघते, हाड नंतर. दलालाला हे पक्के माहीत असते. रुमालाखाली बोटे धरून भाव ठरतो तेव्हा आपल्या हातात आकडा नसतो, त्याच्या हातात असतो.

चौथी अडचण म्हणजे नजरेला आठवण कमी. गेल्या वीस वर्षांत आपल्या गावच्या गायींची उंची वाढली की घटली? कुणालाच सांगता येणार नाही, कारण कुणी लिहून ठेवलेच नाही.

फीत कशी धरावी

या चारही अडचणींवर सोपा उपाय म्हणजे शिंप्याची फीत, एक सरळ काठी आणि एक वही. जनावर सपाट जागेवर, चारही पायांवर सारखा भार देऊन, मान सरळ ठेवून उभे करावे. मग मापे अशी घ्यावीत :

१. उंची : पुढच्या खुराच्या तळापासून खांद्याच्या माथ्यापर्यंत. वशिंड त्यात धरायचे नाही. वशिंड चरबीने कमी-जास्त होते, हाड होत नाही.

२. छातीचा घेर : पुढच्या पायांच्या लगेच मागून, वशिंडाच्या पाठीमागून पूर्ण वेढा. फीत घट्ट आवळू नये, सैलही सोडू नये.

३. अंगाची लांबी : खांद्याच्या पुढच्या हाडापासून शेपटीखालच्या बैठकीच्या हाडापर्यंत, तिरकी.

४. तोंडाची लांबी, कपाळाची रुंदी, शिंगाची लांबी, कानाची लांबी, शेपटीची लांबी. घर्षणाने झिजलेले किंवा तासलेले शिंग असेल तर तसे शेरे लिहावेत.

प्रत्येक माप दोनदा घ्यावे, आणि शक्यतो एकाच माणसाने घ्यावे. दोन वेळी दोन आकडे आले तर तिसऱ्यांदा घ्यावे. जनावराने पाय हलवला, श्वास भरला, फीत पाठीवरून घसरली की आकडा बदलतोच.

यातील दोन मापांवरून वजनाचाही अंदाज निघतो. त्यासाठी शेफरचे सूत्र म्हणून एक जुने सूत्र आहे. छातीच्या घेराला घेराने गुणावे, आलेल्या आकड्याला लांबीने गुणावे, आणि १०८३८ ने भागावे. मापे सेंटिमीटरमध्ये असली की उत्तर किलोत येते. समजा एका गायीचा घेर १६० आणि लांबी १२५ सेंटिमीटर आहे. १६० गुणिले १६० म्हणजे २५,६००. त्याला १२५ ने गुणले की ३२ लाख. १०८३८ ने भागले की सुमारे २९५ किलो.

आता फीत थोडी सैल राहिली आणि घेर १६० ऐवजी १६५ लिहिला गेला असे समजा. उत्तर एकदम ३१४ किलो येते. पाच सेंटिमीटरच्या हलगर्जीने १९ किलो वाढले! घेर दोनदा गुणला जातो म्हणून त्यातली चूकही दुपटीने अंगावर येते. फीत कशी धरली याला एवढे महत्त्व का, ते यावरून ध्यानात येईल.

आणखी एक सांगितले पाहिजे. असे सूत्र सगळ्या जातींना सारखे लागू पडत नाही. वशिंडाच्या, लोंबत्या पोळीच्या आपल्या गुरांचा बांधा वेगळा. म्हणून शास्त्रज्ञ काय करतात, तर एकाच जातीची पुष्कळ जनावरे फितीने मोजतात आणि काट्यावरही तोलतात, आणि दोहोंचा मेळ घालून त्या जातीपुरते सूत्र बसवतात. ज्याच्या गावात जनावरांचा काटा आहे त्याने चार जनावरे तोलून आपला अंदाज पडताळून बघावा.

सरासरी एकटी फसवते

वहीत आकडे जमले की पुढचे काम गणिताचे. इथे लोक सरासरी काढून थांबतात. पण बघा, दोन गावांतल्या पाच-पाच गायींची उंची अशी आहे असे समजू. पहिल्या गावात १२०, १२२, १२४, १२६, १२८. दुसऱ्या गावात ११०, ११६, १२४, १३२, १३८. दोन्हीकडे बेरीज ६२०, सरासरी १२४. कागदावर दोन्ही कळप सारखे. प्रत्यक्षात पहिला कळप एकजिनसी आहे, दुसऱ्यात खुज्यापासून धिप्पाडपर्यंत सगळे आहे.

हा फरक दाखवायला संख्याशास्त्रात प्रमाण विचलन नावाचा आकडा काढतात. सरासरीपासून जनावरे साधारण किती लांब पसरली आहेत, ते त्यातून कळते. पहिल्या गावाचे विचलन सुमारे ३ सेंटिमीटर, दुसऱ्याचे सुमारे १० सेंटिमीटर. पहिल्या गावात बहुधा एकाच रक्ताची गुरे आहेत. दुसऱ्यात सरमिसळ झाली असावी, किंवा वय, खाणे यांचा मेळ नसावा. शोध कुठे घ्यायचा हे तो आकडा सांगतो.

मोजायला जनावरे कशी निवडायची हेही तितकेच महत्त्वाचे. मार्गशीर्षात माळेगावला खंडोबाच्या यात्रेत नामांकित वळू येतात. ते मोजावेतच. पण केवळ त्यांच्यावरून जातीची सरासरी काढली तर ती खोटी ठरेल, कारण तिथे निवडक जनावरेच येतात. उसाचे उदाहरण घ्या. बांधाकडेचा एक जाडजूड ऊस मोडून ब्रिक्स बघितले तर फडाचा उतारा कळतो का? नमुना फडाच्या सगळ्या भागांतून, चांगल्या-वाईट सगळ्या बेटांतून घ्यावा लागतो. जनावरांचेही तसेच. गावोगावी जाऊन, दावणीची सगळी जनावरे, मध्यम, रोड, देखणी, सगळी मोजली पाहिजेत.

आकारमान वेगळे, ठेवण वेगळी

या शास्त्राचे मर्म एका गोष्टीत आहे. जनावर किती मोठे हा एक प्रश्न, आणि ते कसे घडलेले आहे हा दुसरा. एक गाय १२० सेंटिमीटर उंच आणि १२६ लांब आहे. दुसरी १०० उंच आणि १०५ लांब आहे. पहिली मोठी, दुसरी लहान. पण लांबीला उंचीने भागा, दोन्हीकडे १.०५ येते. ठेवण एकच. आता तिसरी गाय १२० उंच पण ११४ लांब आहे. ती पहिलीएवढीच उंच, पण तिची ठेवण वेगळी, आखूड अंगाची.

आकारमानावर चाऱ्याचा मोठा परिणाम होतो. दुष्काळात वाढलेली कालवड लहानच राहते. ठेवण त्यामानाने रक्तातून येते. म्हणून नुसते मोठे जनावर बघून वळू निवडणारा बहुतेक वेळा मालकाची पेंड निवडतो. ठेवण बघणारा वंश निवडतो. अर्थात ठेवणही वयाप्रमाणे बदलते. वासराचे पाय अंगाच्या मानाने लांब असतात, पुढे अंग भरते. म्हणून तुलना करताना दुदाती दुदातीशी, जुळलेले जुळलेल्याशी, गाय गायीशी आणि बैल बैलाशीच लावावा.

ठेवणीचा हा विचार एका स्कॉटिश शास्त्रज्ञाने फार छान मांडला. डार्सी थॉम्पसन त्याचे नाव. १९१७ सालच्या आपल्या ग्रंथात त्याने चौकटीच्या जाळीवर एका माशाचे चित्र काढले. मग ती जाळी पद्धतशीर वाकवली, ताणली, तेव्हा त्याच चित्रातून दुसऱ्याच जातीचा मासा तयार झाला! दोन जातींतला फरक म्हणजे जाळी कुठे किती ताणली याचा हिशोब, असा त्याचा सांगावा. पुढे १९८० नंतर संगणकाच्या मदतीने याचे पक्के गणित झाले. जनावराच्या छायाचित्रावर ठरावीक खुणा करायच्या : खांद्याचे टोक, कमरेचे हाड, डोळ्याचा कोपरा, शिंगाचे बूड. मग आकारमान बाजूला काढून नुसत्या ठेवणीची तुलना करायची. हीच रीत आज माशांपासून पानांपर्यंत सगळीकडे वापरतात.

उसाच्या जातींची ओळखही आपण याच रीतीने करतो, फक्त तिला शास्त्र म्हणत नाही. कांडे सरळ नळीसारखे आहे की मधे फुगलेले, रिळासारखे मधे बारीक की एका टोकाला निमुळते, डोळा गोल की टोकदार, यावरून शेतकी मदतनीस बेणे ओळखतो. वनस्पतींच्या जातींची नोंद करण्यासाठी २००१ साली कायदा झाला. त्या नोंदणीतही जात वेगळी असल्याचे अशाच खुणांनी दाखवावे लागते.

नागपुरात मिळालेला प्रश्न

पण एक पेच उरतो. जनावराची एकदोन नव्हे, दहा मापे आहेत. उंचीत थोडा फरक, कपाळात थोडा, कानात थोडा. सगळे मिळून दोन जाती एकमेकींपासून किती दूर आहेत, हे एका आकड्यात कसे सांगायचे? या पेचाचे उत्तर आपल्याच देशात निघाले, आणि त्याची सुरुवात आपल्या नागपुरात झाली.

१९२० साली नागपूरला भारतीय विज्ञान परिषदेचे अधिवेशन भरले होते. तिथे कलकत्त्याचे तरुण प्राध्यापक प्रशांतचंद्र महालनोबिस आले होते. भारतीय प्राणिसर्वेक्षण खात्याचे संचालक नेल्सन अ‍ॅनंडेल यांनी त्यांना विचारले, माझ्याकडे कलकत्त्यातल्या अँग्लो-इंडियन लोकांच्या शरीरमापांचे आकडे आहेत, त्यांचा अर्थ लावून द्याल का? महालनोबिस मूळचे भौतिकशास्त्राचे. त्यांनी ते काम अंगावर घेतले, आणि १९२२ साली त्यावरचा त्यांचा निबंध प्रसिद्ध झाला. पुढे १९३१ साली त्यांनी कलकत्त्यात भारतीय संख्याशास्त्र संस्था उभी केली. १९३६ साली त्यांनी जो निबंध लिहिला त्यातले माप आज जगभर "महालनोबिस अंतर" म्हणून ओळखले जाते.

त्यातली युक्ती गावच्या भाषेत सांगता येते. दोन गोष्टी ध्यानात घ्यायच्या. पहिली, फरक किती याला अर्थ नाही, पसाऱ्याच्या मानाने किती याला अर्थ आहे. ज्या कळपात उंची जेमतेम ३ सेंटिमीटर इकडेतिकडे होते, तिथे ६ सेंटिमीटरचा फरक मोठा. जिथे १० सेंटिमीटरचा पसारा आहे, तिथे तोच फरक किरकोळ.

दुसरी गोष्ट साक्षीदारांची. उंच जनावर बहुधा लांबही असते, त्याचा घेरही मोठा असतो. म्हणजे उंची, लांबी, घेर ही तिन्ही मापे बरेचदा एकच गोष्ट सांगतात. बांधाच्या भांडणात एकाच घरातले तीन भाऊ साक्षीला आले तर पंच त्या तीन साक्षी धरतात का? नाही, जेमतेम एक धरतात. महालनोबिसांचे गणित मापांच्या बाबतीत हेच करते. आपसात बांधलेल्या मापांचे वजन कमी करते, आणि कपाळ किंवा कान यांसारखे एखादे माप स्वतंत्रपणे वेगळे काही सांगत असेल तर त्याला पुरता मान देते. मग सगळ्यांचे मिळून एक अंतर काढते.

हीच रीत गुरांच्या जातींना लावता येते. हे जनावर कंधारी कळपाला जवळ की देवणीला, की दोघांनाही लांब, हे वादावादी न करता काढता येते.

इरावतीबाईंची फीत

महाराष्ट्रात मापे घेण्याचे मोठे काम केले ते इरावती कर्वे यांनी. "युगान्त" लिहिणाऱ्या इरावतीबाई वाचकांना माहीत आहेत. त्या पुण्याच्या डेक्कन कॉलेजात मानववंशशास्त्राच्या प्राध्यापक होत्या, आणि त्यांनी महाराष्ट्रभर फिरून माणसांची शरीरमापे घेतली. अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील शरीरमापांवरचा ग्रंथ १९५१ साली प्रसिद्ध केला.

त्यांच्या अभ्यासातला एक मुद्दा आपल्या कामाचा आहे. एकाच नावाने ओळखले जाणारे निरनिराळे गट मुळात एकाच घराण्याचे फाटे असतील असे धरून चालू नये, असे त्यांचे म्हणणे. नाव एक, पण मूळ वेगवेगळे, असे असू शकते. आपल्या "लाल" गुरांनाही ही गोष्ट जशीच्या तशी लागू आहे.

इरावतीबाईंच्या तरुणपणची एक हकीकत तर फीत धरणाऱ्या प्रत्येकाने ध्यानात ठेवावी. १९२७ च्या सुमारास त्या जर्मनीत बर्लिनला शिकायला गेल्या. त्यांचे मार्गदर्शक ऑयगेन फिशर हे वंशश्रेष्ठत्व मानणारे गृहस्थ. माणसाच्या कवटीच्या डाव्या-उजव्या बाजूंत जो लहानसा फरक असतो, त्याचा संबंध वंशाशी जोडता येईल आणि त्यातून युरोपियनांचे श्रेष्ठत्व दिसेल, अशी त्यांची धारणा होती. इरावतीबाईंनी कवट्या मोजल्या. आकड्यांत तसे काही दिसले नाही. गुरूला काय हवे आहे हे माहीत असूनही त्यांनी आकडे जे सांगत होते तेच लिहिले.

त्याच काळात माणसांची नाके-डोकी मोजून कुणाला उच्च, कुणाला नीच ठरवण्याचा भयंकर प्रकार युरोपात झाला, आणि त्याचा शेवट काय झाला ते जगाने बघितले. फीत वाईट नव्हती. निकाल आधी ठरवून नंतर फीत लावणारे वाईट होते. गुरांच्या बाबतीतही सावधपणा हवा. आपला वळू अस्सल ठरावा म्हणून माप ओढून-ताणून लिहिले, तर फसवणूक दुसऱ्याची नंतर, आधी आपल्याच वंशाची.

आपल्या गोठ्याशी संबंध

आता कुणी म्हणेल, हे सगळे विद्यापीठाचे काम, आमचे काय अडले आहे? अडले आहे ते असे.

हरयाणात कर्नाल येथे राष्ट्रीय पशु आनुवंशिक संसाधन ब्यूरो आहे. देशातील पशुधनाच्या जातींची अधिकृत नोंद तिथे होते. महाराष्ट्राच्या लाल कंधारी, देवणी, खिल्लार, डांगी, गवळाऊ, कोकण कपिला या गोजाती तिथे नोंदलेल्या आहेत. मराठवाडी म्हैस आणि उस्मानाबादी शेळीही आहे. जातीची नोंद करताना तिचा मुलूख, रंग, उपयोग यांच्या जोडीला शरीरमापांचे आकडे द्यावे लागतात. जागतिक अन्न व कृषी संघटनेनेही २०१२ साली पशुधनाची बाह्य लक्षणे कशी मोजावीत याची मार्गदर्शिका काढली आहे. म्हणजे उंची, घेर, कान, शिंग ही जातीच्या सातबाऱ्यावरची नोंद आहे म्हणा ना!

आणि ज्याच्या नावे सातबारा नाही, त्याचे काय होते ते आपल्याला सांगायला नको. २०१९ च्या पशुगणनेत देशात सुमारे १९ कोटी गोवंश मोजला गेला. त्यातला फार मोठा हिस्सा कोणत्याही जातीत न बसणारा, म्हणजे आपल्या भाषेत "गावठी" म्हणून नोंदला गेला आहे. आपल्या दावणीची गाय त्या गावठीच्या रकान्यात गेली की तिच्या नावाची योजना नाही, तिच्या वळूच्या रेताला मागणी नाही, तिच्या गोऱ्ह्याला जातिवंताचा भाव नाही.

संकराचा प्रश्नही याच्याशी जोडलेला आहे. दूध वाढवायला संकरित गायी आल्या, आणि ज्याच्याकडे पाणी, चारा, दवाखाना आहे त्याला त्या परवडल्या. त्याबद्दल तक्रार नाही. पण कोरडवाहू माळावर, चाळीस अंशांच्या पुढच्या उन्हात, कडब्यावर तग धरणारे जनावर एकदा हातचे गेले की ते विकत मिळत नाही. कृत्रिम रेतनाच्या वेळी कोणत्या जातीचे रेत भरले याची पावती ठेवली नाही, वासराची मापे लिहिली नाहीत, तर जात निसटत चालली हे ती निसटून गेल्यावरच कळते. बैल गेला आणि झोपा केला, अशी गत व्हायची.

इथे एक मर्यादाही सांगितली पाहिजे. फितीने सगळेच कळत नाही. दूध, रोगप्रतिकार, स्वभाव, कामाचा दम हे फितीत सापडत नाहीत, त्यांची नोंद वेगळी ठेवावी लागते. रक्ताची अंतिम खातरजमा आता प्रयोगशाळेत करता येते. शिवाय मापात बसणारा एकच वळू सगळ्या पंचक्रोशीला लावला, तर नात्यातच संकर होऊन वंश दुबळा होतो. मापात बसणारे अनेक वळू, वेगवेगळ्या घरांतले, फिरते ठेवणे हाच मार्ग. त्यासाठी कोणाकडे कसा वळू आहे याची नोंद पाहिजे, म्हणजे फिरून वहीकडेच आलो.

आपण काय करावे

फार मोठे काम नाही. प्रत्येक जनावराला वहीचे एक पान द्यावे. वर नाव, जन्माची तारीख, आई कोणती, वळू कोणाचा. वासराची मापे जन्मल्यावर, वर्षाला, दोन दात आल्यावर आणि जुळल्यावर अशी चार वेळा घ्यावीत. उंची, घेर, लांबी, कपाळ, कान, शिंग, एवढी सहा मापे पुरेत. शेजारी त्या वर्षी पाऊस कसा होता, काय खाऊ घातले ते एका ओळीत लिहावे. विकले, मेले तरी पान फाडू नये. रोड जनावराचेही पान तितकेच मोलाचे, हे विसरू नये.

घरातली शिकलेली मुलगी-मुलगा हे काम आवडीने करतील. माध्यमिक शाळेत सरासरी शिकवतातच. पुस्तकातल्या आकड्यांपेक्षा गोठ्यातले आकडे घेतले तर गणितही लवकर कळेल. पोळ्याला खांदेमळणी करताना बैल एरवीही सगळ्या अंगावरून आपल्या हाताखालून जातो. त्याच दिवशी फीत फिरवली तर वर्षाचे माप चुकणार नाही.

एका गावात पंचवीस-तीस घरांनी अशी वही ठेवली की दोन-तीन वर्षांत त्या गावाच्या कंधारीचे चित्र तयार होते. परभणी आणि उदगीर येथे पशुवैद्यकीय महाविद्यालये आहेत. तिथल्या तज्ज्ञांपुढे अशा वह्या ठेवल्या, तर त्यांना गावोगाव फिरून जी माहिती गोळा करावी लागते ती आयती मिळेल, आणि आपल्याला आपल्या जनावराबद्दल शास्त्रीय सल्ला मिळेल. बाजारातही फरक पडेल. घेणारा "थोराड आहे का?" म्हणाला की आपण वही उघडून चार पिढ्यांचा घेर दाखवू शकू. रुमालाखालच्या बोटांना उघड्या वहीचे उत्तर मिळेल.

उसाच्या वजनात एका किलोचा फरक सहन न करणारे आपण शेतकरी. लाल कंधारी आपल्या गावाचे नाव देशभर घेऊन फिरते. तिच्यासाठी दीडशे-दोनशे सेंटिमीटरची फीत आणि एक वही एवढा खर्च प्रत्येक सभासदाला झेपण्यासारखा आहे. येत्या पोळ्याला सुरुवात करावी, आणि पुढच्या पोळ्याला दोन्ही वर्षांचे आकडे शेजारी ठेवून बघावेत.